पत्रातून भेटलेला गुंड्याभाऊ

इंदूरच्या सियागंजात सकाळी अकराच्या सुमाराला चालणं म्हणजे कसरतच असते. समोरून हातगाडी, मागून टेम्पो, मधे पाठीवर पोतं घेतलेला हमाल, आणि या सगळ्यांतून वाट काढत आपण! रेल्वे स्टेशनाला लागून असलेली ही घाऊक किराण्याची पेठ. जिरं, हळद, साबूदाणा, चहा, सुकामेवा, सगळं इथे पोत्यांच्या आणि खोक्यांच्या हिशेबात. गेल्या दिवाळीनंतर मावशीकडे गेले होते, तेव्हा एका दुकानाच्या पायरीवर गोटा खोबऱ्याची रास दिसली आणि सहज विचारलं, ‘‘कहाँ का माल है?’’ दुकानदार म्हणाला, ‘‘टिपटूर का, कर्नाटक से.’’ मला हसूच आलं. तुमकूर जिल्ह्यातलं खोबरं हजारभर किलोमीटर ओलांडून मध्य प्रदेशात पोचतं आणि तिथे एका सीमाभागातल्या बाईला भेटतं!

मावशीला हे सांगितलं तर ती म्हणाली, ‘‘सगळं येतं गं इथे. तेव्हाही यायचं. फक्त तुमचा तो गुंड्याभाऊ आला नाही. त्याला तुझ्या मामानं पत्रातून पाठवला.’’

मावशीचं घर पेठेमागच्या एका गल्लीत, लाकडी जिन्याचं. लग्न होऊन ती इथे आली त्याला आता सत्तावन्न वर्षं झाली. काका एका पेढीवर हिशेब लिहायचे. आता मावशी ऐंशी पार केलेली, काका नाहीत, आणि मुलाने शहराच्या दुसऱ्या टोकाला फ्लॅट घेतलेला. घर रिकामं करायचं काम चाललं होतं. भांडी बांधून झाली होती, जुनी ट्रंक उघडून ठेवली होती आणि तिच्यातले कागद दोन ढिगांत पडले होते. एक ठेवायचा आणि दुसरा रद्दीचा. रद्दीच्या ढिगावर बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा होता आणि त्यात निळी अंतर्देशीय पत्रं होती.

‘‘मावशी, ही मामाची पत्रं आहेत. ही कशी टाकतेस?’’

‘‘अर्धी तर मागच्या वर्षीच गेली. आता वाचणारं कोण आहे? मला तर अक्षर दिसत नाही.’’

त्या दुपारी मी वाचत बसले आणि ती ऐकत बसली.

चाळीतला एकच संच

मामा तेव्हा मुंबईत गिरगावातल्या एका चाळीत राहायचा. मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ रोजी. पुढच्या वर्षी पुण्याला ते दिसू लागलं. आज ज्यांच्या हातात दोन-दोन मोबाइल आहेत त्यांना सांगूनही खरं वाटणार नाही, पण तेव्हा अख्ख्या चाळीत एखादाच संच असायचा. संध्याकाळी त्या घराचं दार उघडं आणि दारात चपलांचा ढीग. रंगीत चित्र यायला १९८२ साल उजाडावं लागलं, तोवर सगळं काळंपांढरं. ‘गजरा’, ‘प्रतिभा आणि प्रतिमा’, ‘आमची माती आमची माणसं’, ‘छायागीत’ ही नावं आजही पन्नाशी-साठीतल्या मुंबईकराला ऐकवा, चेहरा उजळतो की नाही बघा.

आणि सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात आली ‘चिमणराव’ ही मालिका. निर्मिती विजया जोगळेकर-धुमाळे यांची. चिं. वि. जोशी यांच्या विनोदी कथांवर बेतलेली. किडकिडीत, भित्रा, संसाराला टेकीस आलेला चिमणराव झाले होते दिलीप प्रभावळकर. आणि त्याच्या पाठीशी उभा राहणारा अंगाने दणकट, वृत्तीने सरळ, कुणाला न भिणारा गुंड्याभाऊ झाले होते बाळ कर्वे. मराठी दूरदर्शनवरची पहिली गाजलेली मालिका म्हणून आजही तिचंच नाव घेतलं जातं.

मामाच्या पत्रात गोष्ट फारशी नसायची. तो पाहणाऱ्यांविषयी लिहायचा. मालिकेच्या वेळेला चाळीतल्या बायका भात आधीच उतरवून ठेवतात. तळमजल्यावरचे आजोबा वर यायला जिना चढत नव्हते, ते आता चढतात. गुंड्याभाऊ पडद्यावर आला की पोरं एकदम गप्प होतात, मग एकदम हसतात. एका पत्राच्या कडेला, जिथे पत्ता चिकटवायची घडी असते तिथे, बारीक अक्षरात त्याने लिहिलं होतं की गुंड्याभाऊचं काम करणारे कर्वे म्हणून कुणी आहेत, म्युनिसिपालटीत इंजिनिअर आहेत असं ऐकतो, आपल्यातलाच माणूस वाटतो.

मावशी म्हणाली, ‘‘ते मला पाठच होतं बघ. मी इथल्या बायकांना सांगायची, तो गुंड्याभाऊ इंजिनिअर आहे म्हणून. त्यांना पटायचं नाही.’’

वर्तुळाबाहेरची माणसं

आता प्रश्न असा की इंदूरच्या मावशीला हे पत्रातून का वाचावं लागलं? इंदूर म्हणजे होळकरांचं शहर. इथे पिढ्यान्‌पिढ्या राहणारी हजारो मराठी कुटुंबं. नाटकाचं वेड इतकं की बाबा डिके यांच्या नाट्यभारतीने इथे रंगभूमी जागती ठेवली. लता मंगेशकरांचा जन्म इथलाच, १९२९ चा. इथून पस्तीस-चाळीस किलोमीटरवर देवासला कुमार गंधर्व राहत होते, आपल्या बेळगावजवळच्या सुळेभावीत जन्मलेले. एवढं मराठीपण असूनही मुंबईचं चित्र इथे येत नव्हतं, कारण दूरदर्शनच्या लहरींना भाषा कळत नाही, त्यांना फक्त अंतर कळतं. मनोरा जिथे असेल तिथून साधारण शंभर किलोमीटरच्या आसपासचं वर्तुळ, त्याच्या आत असाल तर दिसेल, बाहेर असाल तर नाही. मुंबई आणि पुण्याच्या वर्तुळात इंदूर नव्हतं. आणि वाचकहो, आपणही नव्हतो.

आपल्या सीमाभागाची गंमत तर आणखी न्यारी. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या वर्षभरात देशात उपग्रहाद्वारे शिक्षणाचा एक मोठा प्रयोग झाला, ‘साइट’ नावाने तो ओळखला जातो. सहा राज्यांतल्या सुमारे २४०० खेड्यांत सामूहिक संच बसवले गेले. कर्नाटकातले जिल्हे होते विजापूर, गुलबर्गा आणि रायचूर. मध्य प्रदेशही त्या सहांत होता. म्हणजे विजापूरच्या एखाद्या खेड्यात शाळेच्या आवारात लोक कन्नडमधून शेतीचे, आरोग्याचे कार्यक्रम पाहत होते, त्या वेळी आपल्याकडच्या कित्येक मोठ्या गावांत टीव्ही हा शब्द फक्त वर्तमानपत्रात होता. पुढे १९८४ मध्ये देशभर झपाट्याने छोटे प्रक्षेपक उभे राहिले आणि गावोगाव छपरांवर ॲन्टेना दिसू लागल्या. पण तोवर दिल्लीचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला होता आणि तो हिंदीत होता. ७ जुलै १९८४ ला ‘हम लोग’ सुरू झालं, ते इंदूरनेही पाहिलं, आपणही पाहिलं. ‘चिमणराव’ मात्र तोवर होऊन गेलं होतं. मुंबईचे मराठी कार्यक्रम उपग्रहावरून सगळीकडे दिसायला १९९४ साल उजाडलं.

त्यामुळे आपल्यापैकी कित्येकांच्या घरी गुंड्याभाऊ आला तो असाच. मुंबईच्या मामाच्या पत्रातून, पुण्याहून सुट्टीला आलेल्या आत्याच्या नकलेतून, नाहीतर वाचनालयातल्या पुस्तकातून. यातलं पुस्तक मात्र आधीपासून घरात होतं. चिं. वि. जोशी पाली भाषेचे प्राध्यापक, आणि नोकरी कुठे, तर सयाजीराव गायकवाडांच्या बडोद्याला. म्हणजे ‘एरंडाचे गुऱ्हाळ’, ‘चिमणरावाचे चऱ्हाट’ लिहिणारा माणूसही महाराष्ट्राबाहेरच बसला होता! या जोडीवर कोल्हापूरच्या मास्टर विनायकांनी १९४० साली ‘लग्न पहावे करून’ हा चित्रपट काढला होता. त्यात दामुअण्णा मालवणकर चिमणराव होते. तेव्हा गुंड्याभाऊ आपल्याला अनोळखी नव्हता. शिवाय नाव बघा. कन्नडमध्ये ‘गुंडु’ म्हणजे गोल, गोळ्यासारखं. गुंडप्पा, गुंडू, गुंडव्वा ही नावं आपल्याकडे घरटी सापडतील. कन्नडचे थोर कवी डी. व्ही. गुंडप्पा आहेतच. त्यामुळे पुण्याच्या माणसाला ‘गुंड्याभाऊ’ हे नाव विनोदी वाटत असेल, आपल्याला ते शेजारच्या घरातलं वाटतं.

इंजिनिअरसाहेब

बाळ कर्वे यांचा जन्म १९३० चा. मूळ नाव बाळकृष्ण. इंजिनिअरिंगचं शिक्षण पुण्यात, नोकरी मुंबई महापालिकेत, राहणं पार्ल्यात. महापालिकेची नोकरी त्यांनी वर्षानुवर्षं केली आणि अभिनय ती सांभाळून. लहान मुलांसाठी ‘किलबिल बालरंगमंच’ चालवणाऱ्यांत ते होते. ‘रथचक्र’, ‘सूर्याची पिल्ले’, ‘कुसुम मनोहर लेले’ अशा नाटकांतून त्यांनी कामं केली. पुढे ‘प्रपंच’सारख्या मालिकेतही ते दिसले. पण इतकं सगळं करूनही रस्त्यात भेटणारा माणूस त्यांना एकाच नावाने ओळखायचा, गुंड्याभाऊ.

पहिल्या काळातल्या टीव्हीवरची बहुतेक मंडळी अशीच होती. कुणी बँकेत, कुणी कारखान्यात, कुणी शाळेत. दिवसभर नोकरी आणि मग वरळीच्या दूरदर्शन केंद्रात चित्रीकरण. आज मालिकेतला नट म्हटलं की गाडी, जाहिरात आणि फीत कापायचं आमंत्रण डोळ्यांसमोर येतं. तेव्हा दूरदर्शनचं मानधन म्हणजे घर चालवायचं साधन नव्हतं. प्रसिद्धी होती, पण तीही पात्राची.

आणि कामही सोपं नव्हतं. रंगमंचावरचा नट शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत आवाज पोचवायला शिकलेला असतो. कॅमेरा तर नाकासमोर! तिथे भुवई जरा जास्त उचलली तरी ती संचावर भलतीच मोठी दिसते. पुन्हा तुकडे-तुकडे जोडण्याची सोय आजच्यासारखी नव्हती, त्यामुळे बराच मोठा भाग एका दमात करायला लागायचा. एकाची चूक म्हणजे सगळ्यांचं पुन्हा पहिल्यापासून. त्यातून गुंड्याभाऊचं काम अवघड अशासाठी की हशा बहुधा चिमणरावाला मिळतो. तो घाबरतो, अडखळतो, गोंधळ घालतो. समोर गुंड्याभाऊने ठाम उभं राहायचं असतं. भिंत पक्की असली तरच तिच्यावर आपटणाऱ्याची फजिती दिसते. हे भिंतीचं काम ज्याला जमतं त्याचं कौतुक क्वचितच होतं. प्रभावळकर पुढे ‘चौकट राजा’पासून ‘लगे रहो मुन्नाभाई’मधल्या गांधीजींपर्यंत पोचले, देशाने त्यांना डोक्यावर घेतलं, आणि ते योग्यच झालं. पण जोडीतला दुसरा माणूस? वर्गात मी मुलांना विचारलं, प्रभावळकर कोण? बहुतेक हात वर. बाळ कर्वे कोण? एकही नाही. मग म्हटलं, गुंड्याभाऊ? मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, ‘‘आमचे आजोबा आमच्या मोठ्या भावाला गुंड्याभाऊ म्हणायचे.’’ म्हणजे नाव तिच्या घरात होतं, माणूस नव्हता.

नाव कुणाचं राहतं?

हे कर्व्यांच्याच वाट्याला आलं असं नाही. टीव्हीच्या जन्मापासून ही रीत आहे. लंडनमध्ये जॉन लोगी बेअर्ड या संशोधकाने आपल्या खटपटीतून चित्र पाठवायचा प्रयत्न चालवला होता. दिव्यांची उष्णता इतकी की समोर माणूस बसवणं कठीण, म्हणून त्याने बोलक्या बाहुल्याचं डोकं ठेवलं. त्या बाहुल्याचं नाव स्टूकी बिल. २ ऑक्टोबर १९२५ रोजी त्या बाहुल्याचा चेहरा पडद्यावर नीट उमटला, तसा बेअर्ड धावत खाली गेला आणि इमारतीतल्या एका कचेरीत काम करणाऱ्या विल्यम टेंटन नावाच्या वीस वर्षांच्या पोराला ओढून घेऊन आला. पोरगा दिव्यांना भ्यायला आणि मागे सरकला. तेव्हा बेअर्डने त्याच्या हातावर अडीच शिलिंग ठेवले आणि त्याला पुन्हा बसवलं. जगात टीव्हीवर दिसलेला पहिला माणूस हा. बेअर्डचं नाव पाठ्यपुस्तकात आहे, टेंटनचं कुणाला ठाऊक? योगायोग असा की बरोबर सत्तेचाळीस वर्षांनी, २ ऑक्टोबरलाच, आपलं मुंबई केंद्र सुरू झालं.

आपल्याकडे दिल्लीत टीव्ही आला १५ सप्टेंबर १९५९ ला. पुढे १९६५ मध्ये रोजच्या बातम्या सुरू झाल्या, तेव्हा त्या वाचणाऱ्या पहिल्या निवेदिका होत्या प्रतिमा पुरी. पुढच्या पिढीतल्या निवेदिकांची नावं लोकांना आठवतात, त्यांचं क्वचितच कुणाला.

कन्नडमध्ये मात्र एक वेगळीच तऱ्हा झाली. बेंगळूर दूरदर्शनवर १९८० च्या दशकात ‘सिहि कहि’ ही मालिका लागायची. सिहि म्हणजे गोड, कहि म्हणजे कडू. त्यात काम करणारे चंद्रशेखर हे पुढे ‘सिहि कहि चंद्रू’ म्हणूनच प्रसिद्ध झाले. मालिकाच त्यांचं आडनाव झाली आणि त्यांच्या पत्नीही ‘सिहि कहि गीता’ झाल्या. आमच्या सासूबाई कन्नड बोलणाऱ्या. त्यांना मी हे सांगितलं तर म्हणाल्या, यात नवल काय, आपल्याकडे माणसाला गावाचं नाव लागतं, त्यांना मालिकेचं लागलं. खरंच आहे. चंद्रूंचं स्वतःचं नाव मालिकेच्या नावाबरोबर टिकलं. कर्व्यांचं नाव पात्राच्या आड गेलं. यातलं भाग्य कुठलं आणि दुर्भाग्य कुठलं हे मला ठरवता येत नाही. आपल्या कामाने आपल्या नावावर मात करावी असंही एखाद्या नटाला वाटत असेल.

टेप पुसली, पत्र राहिलं

पण आणखी एक गोष्ट आहे, ती मात्र मनाला लागते. त्या काळी कार्यक्रम ज्या टेपवर साठवायचे ती फार महाग होती. एका टेपवर एक कार्यक्रम, तो दाखवून झाला की तीच टेप दुसऱ्या कार्यक्रमासाठी. जगभर हेच झालं. खुद्द बीबीसीसारख्या संस्थेने आपल्या गाजलेल्या मालिकांचे कित्येक भाग असेच पुसून टाकले आणि पुढे ते शोधत बसले. थेट प्रक्षेपण झालेले कार्यक्रम तर हवेतच विरले. आपल्या दूरदर्शनच्या पहिल्या वर्षांतलंही बरंचसं काम असंच गेलं. पुस्तक दुसऱ्या आवृत्तीत मिळतं, चित्रपटाची एखादी प्रत कुठल्यातरी थिएटरच्या माळ्यावर सापडते, पण पुसलेल्या टेपवरचा नट कुठे शोधायचा?

तो फक्त पाहणाऱ्याच्या डोक्यात उरतो. आणि पाहणारे आता सत्तरी-ऐंशीत आहेत. मामा तर दहा वर्षांपूर्वीच गेला. म्हणजे चाळीतल्या त्या खोलीत गुंड्याभाऊ आला की पोरं कशी गप्प व्हायची आणि आजोबा जिना कसे चढायचे, याचा पुरावा काय, तर सियागंजातल्या रद्दीच्या ढिगावरचा एक बिस्किटांचा डबा.

बाळ कर्वे गेले २८ ऑगस्ट २०२५ ला, गणेशचतुर्थीच्या दुसऱ्या दिवशी, वयाच्या ९५ व्या वर्षी. घरोघरी गणपतीची धामधूम. आमच्याकडेही पाहुणे होते, त्यामुळे बातमी मी ओझरती वाचली आणि मोदकांच्या नादात विसरले. सियागंजातल्या त्या दुपारी ती आठवली.

मावशीला म्हटलं, ‘‘तुला बघायचाय का गुंड्याभाऊ?’’

जुन्या मालिकेतला एक तुकडा मोबाइलवर सापडला. मावशीने चष्मा पुसला, मोबाइल हातभर लांब धरला. चित्र धूसर, आवाज खरखरीत. खाली गल्लीत कुणीतरी पोती उतरवत होतं, त्यामुळे अर्धं ऐकूही येईना. तिने दोनदा पाहिलं. मला वाटलं, हसेल. ती हसली नाही.

‘‘हा तर साधाच माणूस आहे गं,’’ ती म्हणाली. ‘‘मी केवढा मोठा धरला होता! आमच्या पेठेत एक पहिलवान हमाल होता, एकटा दोन पोती उचलायचा, मी गुंड्याभाऊला त्याचंच तोंड दिलं होतं.’’ मग जरा थांबून म्हणाली, ‘‘पण दादानं लिहिलं होतं ते खरं आहे. आपल्यातलाच वाटतो.’’

‘‘ते गेले मावशी. ऑगस्टमध्ये.’’

‘‘पंचाण्णव? बरं झालं, भरपूर जगला.’’ मग तिने डब्याकडे हात केला. ‘‘ती पत्रं तू घेऊन जा. इथे राहिली तर सोमवारी रद्दीवाला येतोय.’’

सत्तेचाळीस वर्षं ज्या माणसाला तिने मनात बाळगलं तो एका दुपारी तीन मिनिटांत दिसून गेला. पत्रातला गुंड्याभाऊ मोठा होता, पडद्यावरचा साधा होता. मला वाटतं, दोन्ही खरे. एक कर्व्यांनी उभा केला, दुसरा मामाने. आणि मावशीने सियागंजात बसून त्याला हमालाचं तोंड दिलं, तो तिसरा. नट काम करतो ते एकदाच, पण पाहणारा ते सांगतो तेव्हा पुन्हा एकदा करतो. वर्तुळाबाहेर राहिलेल्या आपल्यासारख्यांच्या वाट्याला हेच दुसरं काम आलं, आणि त्याचीही टेप नव्हती.

तुमच्या माळ्यावर काय आहे?

वाचकहो, हे सगळं लिहायचं कारण एवढंच. आपल्या भागातली घरं दोन भाषांतली. एक काकी बेंगळूरला, एक आत्या पुण्याला, कुणी मुंबईला गिरणीत, कुणी हुबळीला रेल्वेत. या मंडळींनी पत्रांतून किती काय पाठवलं असेल! कुणी धारवाड आकाशवाणीवर ऐकलेल्या गाण्याविषयी लिहिलं असेल, कुणी पहिल्यांदा टीव्ही पाहिल्याची हकिगत लिहिली असेल. कन्नडमध्ये असेल तर मराठी सुनेला वाचता येत नाही, मराठी मोडीसारख्या अक्षरात असेल तर नातवाला लागत नाही, म्हणून ती पत्रं रद्दीत जातात. एकदा कुणालातरी वाचून दाखवायला सांगा. मोबाइलवर फोटो काढून ठेवायला पाच मिनिटं लागतात. आणि घरात ऐंशीचं कुणी असेल तर विचारा, पहिल्यांदा टीव्ही कुठे पाहिलास, कुणाच्या घरी, कोण दिसलं. नट कोण होता हे बहुधा आठवणार नाही, पात्र आठवेल. मग नाव आपण शोधायचं. एवढं तरी आपण त्यांचं देणं लागतो.

इंदूरहून परत आले, तो डबा मांडीवरच होता. बरोबर सेवेचे दोन पुडे होते, ते पहिल्या संध्याकाळी संपले. डबा टेबलावर राहिला. सासूबाईंनी एक पत्र उचललं, उलटसुलट करून पाहिलं. त्यांना मराठी कळतं, पण हाताचं अक्षर वाचता येत नाही. एकाच शब्दावर बोट ठेवून त्यांनी अक्षरं लावत विचारलं, ‘‘गुंड्या अंद्र यारु?’’ गुंड्या म्हणजे कोण?

मग मी चहा ठेवला आणि त्यांना कन्नडमधून मामाचं पत्र सांगायला बसले. चाळीतला संच, उतरवून ठेवलेला भात, जिना चढणारे आजोबा, म्युनिसिपालटीतले इंजिनिअर कर्वे. त्या ऐकत होत्या. मधेच म्हणाल्या, ‘‘आमच्या माहेरी अगदी असाच एक होता,’’ आणि त्यांनी त्याची गोष्ट सुरू केली. चहा निवून गेला.